जमुनाची बारा हात ओढणी

माइक जरा खाली करता का, दादा? हां, बास एवढं. मागं आवाज येतो का? बायांच्या बाजूला येतो का?

जमुनाची आई, म्हणजे आपली याडी, बळीराम भाऊ, मंचावरचे सर लोक, तांड्यावरून चालत आलेल्या मायबहिणी, आणि माझ्यासंगं वसमतहून जीपमधी कोंबून आलेल्या माझ्या मोहल्ल्याच्या बाया. हळद शिजवायचे दिवस हायेत. कढया चुलाणावर ठेवून तुमी आले. शाळेचा हॉल पुरला न्हाई, बाहेर ओट्यावर माणसं बसलीत. जमुना बघायला पाहिजे होती. तिच्या या गोरेगावात तिच्यासाठी इतकी माणसं कधीच आली न्हाईत.

मला बोलता येत न्हाई. मी शमीम. वसमतला बायांचे कपडे शिवते. तेवीस वर्षं झाली मशीनवर बसून, पण माइकसमोर आजच उभी राहिले. हाताला घाम सुटलाय. रुमालाला पुसून राहिले तरी सुटतोच.

घाबरले का? व्हय, घाबरले. खोटं कशाला बोलू? जमुना जाऊन आज नऊ दिवस झाले आणि मला अजून धड रडता आलं न्हाई. रडायला बसले की भीतीच आधी येते. आणि भीती कशाची ते तुमाला माहीत हाय. ही माझ्या हातातली थैली. मघापासून तुमी माझ्या तोंडाकडं बघतच न्हाई, थैलीकडं बघून राहिले.

हिच्यात जमुनाची ओढणी हाय. बारा हात लांब. तिचं शेवटचं काम. ते वर बघा, तार बांधलीय. बळीराम भाऊनं सकाळी स्वतः स्टुलावर चढून बांधली. माझं बोलणं झालं की ओढणी तारेवर टाकायची, सगळ्यांनी बघायची, मग दोन मिनिटं उभं राहायचं, असं ठरलंय. भाऊचं मन साफ हाय. बहिणीचं काम पुण्याच्या लोकांनी बघितलं आणि तिच्या गावानं बघितलं न्हाई, हे त्याला खातं. मला कळतं भाऊ. पण जरा थांबा. मला आधी सांगू द्या.

सात वर्षं झाली असतील. माझ्या दुकानात एक बाई आली. आखूड केस, खांद्याला झोळी, हातात जुना फेटिया. मोहल्ल्याच्या बायांसाठी सांगते, तांड्याच्या बायांचा तो घेरदार, आरसे लावलेला घागरा, त्याला फेटिया म्हणतात. याडी, तो तुमचा होता. आरसे अर्धे गळून पडले होते. मला म्हणली, ‘‘आपा, असाच नवा शिवून द्या. फक्त आरसे आतल्या बाजूनं लावा.’’

मी म्हणलं, ‘‘आतून? अहो बाई, टोचतील की पायाला.’’

‘‘टोचू द्या.’’

‘‘आणि लोकांना काय दिसंल मग?’’

‘‘गाठी दिसतील. दोऱ्याचा गुंता दिसंल. तोच दाखवायचाय.’’

मी तिला सरळ न्हाई म्हणलं. शिवणाऱ्या बाईची उलटी बाजू जगाला दाखवायची म्हणजे काय? आमी उलटी बाजू लपवायला अस्तर लावतो! ती गेली न्हाई. बाकड्यावर बसून राहिली. माझ्या हातचा चहा घेतला, दुसरा कप मागून घेतला. शेवटी मी शिवला. आमची ओळख अशी झाली, भांडणातून. आणि भांडण शेवटपर्यंत सुटलं न्हाई.

तो फेटिया घालून तिनं हिंगोलीच्या कॉलेजात ‘तिचं ते’ केलं. मी ‘तिचं ते’च म्हणायची. नाटक म्हणलं की चिडायची. ‘‘नाटक न्हाई आपा, नाटकात मी दुसरी कोणी असते. इथं मी मीच असते.’’ मला कपडे सांभाळायला घेऊन गेली होती. स्टेजवर शाळेतला लाकडी बाक. ती बाकावर उभी. लोकांनी विचारायचं, तिनं सांगायचं. पोरं विचारून राहिली, नाव काय, गाव कोणतं, जात कोणती, लग्न झालं का, लेकरं किती, न्हाईत तर काहून न्हाईत? ती प्रत्येकाला उत्तर द्यायची, पण तांड्याच्या बोलीत. एक शब्द मराठी बोलली न्हाई. पोरं आधी हसली. मग चिडली. एक सर उठून म्हणले, ‘‘मराठीत सांगा ना, आमाला कळत न्हाई.’’ तेव्हा ती पहिल्यांदा मराठीत बोलली. म्हणली, ‘‘सर, माझ्या गावच्या शाळेत ही बोली बोलले म्हणून मला बाकावर उभं केलं होतं. मी अजून उतरले न्हाई.’’

मागं येऊन तिनं फेटिया सोडला तर नडगीवर ओरखडेच ओरखडे. मी हळद लावून राहिले आणि शिव्या देऊन राहिले. ‘‘कोणी सांगितलं होतं? कोणी बळजबरी केली होती का?’’ ती हसून राहिली होती.

याडी, तुमी तेव्हा तिच्याशी बोलत नव्हत्या. मला माहीत हाय. नवरा सोडला, तांडा सोडला, केस कापले, आणि वर लोकांसमोर बाकावर चढून आपल्या घरातलं सांगते म्हणून. तुमच्या जागी मी असते तर मीबी बोलले नसते. मला तरी ती कुठं कळत होती? मी फक्त शिवत होते. तिची मापं मला माहीत होती.

मग तिच्या छातीत गाठ निघाली. नांदेडला डावी बाजू काढून टाकली. दोन महिन्यांनी दुकानात आली. म्हणली, ‘‘आपा, कांचळी शिवा.’’ मोहल्ल्यातल्या बायांनो, कांचळी म्हणजे तांड्याच्या बायांची आरशांची चोळी. मी म्हणलं, ‘‘शिवते, डाव्या बाजूला कापूस भरते, कोणाला कळणार न्हाई.’’

‘‘कापूस न्हाई. जशी हाय तशी शिवा. एका बाजूला सपाट.’’

मी तिला ओरडले. मला रडू आलं म्हणून ओरडले. शिवली तशी. ती कांचळी घालून ती गोरेगावच्या बाजारात गेली. तिनं काही केलं न्हाई, भाषण न्हाई, बोर्ड न्हाई. वांगी घेतली, मिरच्या घेतल्या, जिलबी खाल्ली. मी शेजारी चालून राहिले होते. माणसं बघत होती, मग नजर चोरत होती. एक म्हातारी भाजीवाली तिला म्हणली, ‘‘बाई, माझीबी काढलीय.’’ आणि आपल्या लुगड्याच्या आत हात घालून घडी केलेलं फडकं बाहेर काढलं आणि टोपलीत ठेवलं. तेवढंच. भाजी तोलायला लागली परत.

त्या दिवशी जमुनाच्या डोक्यात ही ओढणी आली.

तिचं म्हणणं सोपं होतं. बाईच्या अंगावर जे झालं ते तिच्या जिभेवर येत न्हाई. येऊ देत न्हाईत. आणि लिहायचं तर किती जणींना लिहिता येतं? पण सुई सगळ्यांना येते. मग प्रत्येकीनं एक वीतभर जागा घ्यायची आणि जे कधी बोलली न्हाई ते तिथं टाकायचं. अक्षर काढा, चित्र काढा, नुसत्या रेघा मारा. नाव न्हाई, गाव न्हाई. तिनं प्रत्येकीला वचन दिलं, माझ्यासमोर दिलं. ‘‘कोणाला कळणार न्हाई.’’ दोन वर्षं ती फिरली. तांड्यांवर गेली, सेनगावकडं गेली, वसमतला माझ्या मोहल्ल्यात आली, कनेरगाव नाक्याच्या धाब्यांवर भाकरी थापणाऱ्या बायांजवळ बसली. साठ-सत्तर जणी झाल्या. कोणी दवाखान्यात गर्भाची पिशवी काढून टाकली ते काढलं. कोणी उलथन्याचे चटके काढले, एकाखाली एक. कोणी पाळणा काढला, रिकामा. आणि काहींनी चांगलंबी काढलं बरं का. सगळं दुःखच नव्हतं.

ती ओढणी अंगाला गुंडाळून जमुना पुण्याला गेली, आणखी कुठं कुठं गेली. स्टेजवर हळूहळू सोडायची, एकेक वीत, आणि प्रत्येक विती‌पाशी थांबायची. लोक रडायचे म्हणे. पेपरात आलं. मग तिनं ठरवलं, दिवाळीनंतर आपल्या हिंगोलीत करायचं. याच बायांच्या समोर. लय खूश होती. ओढणीची किनार उसवली होती म्हणून माझ्याकडं टाकून गेली, तुरपाई करायला.

आणि इथं आमची चूक झाली. तिची झाली, माझीबी झाली. मी तर तेवीस वर्षं हेच काम करते, मला आधी कळायला पाहिजे होतं.

मी किनार करून राहिले होते, ओढणी काउंटरवर पसरली होती. एक गिऱ्हाईक आली, पिको-फॉलची साडी न्यायला. तिनं ओढणीकडं बघितलं. एका जागी बोट ठेवलं आणि म्हणली, ‘‘अगं बाई! हा तर माझ्या नणंदेचा टाका.’’

ऐकलं ना? एका नजरेत. चष्मा बी लावला नव्हता.

बायांनो, तुमाला सांगायची गरज न्हाई. पुरुष माणसांना सांगते. आपल्याकडं बाईचं अक्षर कोणाला माहीत नसतं, पण तिचा टाका सगळ्यांना माहीत असतो. कोणाचा टाका डावीकडं कलतो. कोण गाठीवर गाठ मारतं. कोण दोरा इतका ओढतं की कापडाला चुण्या पडतात. एका गोधडीवर चार जणी बसल्या तर सासू सांगते, ही ओळ कोणत्या सुनेची. पुण्यात हे कोणाला कळणार? तिथं ती नुसती नक्षी होती. इथं साठ-सत्तर सह्या होत्या, आणि जमुना त्या हिंगोलीच्या हॉलमधी टांगणार होती. त्यांच्या नवऱ्यांसमोर, सासवांसमोर.

मी ओढणी गोळा केली, म्हणलं, तसा टाका माझाबी हाय, तुमची काहीतरी चूक होऊन राहिली. पण त्या बाईच्या डोळ्यांत आलं होतं. नणंदेनं काय काढलं होतं ते तिनं बघितलं होतं. काय होतं ते मी सांगणार न्हाई. कोणती नणंद तेबी सांगणार न्हाई. वसमतला माझ्याकडं लय नणंदा येतात.

जमुनाला फोन केला. ती आली, मी तिला दाखवलं. हा कोणाचा सांगू? हा कोणाचा सांगू? वीस-पंचवीस तर मीच ओळखले, काउंटरवर उभ्या उभ्या. तिचं तोंड पांढरं पडलं. खाली फरशीवर बसली. ‘‘आपा, मी काय करून बसले? मी त्यांना शब्द दिला होता.’’

मी पाणी दिलं.

तिनं हिंगोलीचा कार्यक्रम रद्द केला. तुमच्यापैकी किती जण बोलले, घाबरली म्हणून. भावानं दम दिला म्हणून. कोणी म्हणलं, पुण्यात शहाणी, गावात भित्री. तिनं कोणाला कारण सांगितलं न्हाई. कसं सांगणार? कारण सांगितलं असतं तर सगळे टाकेच शोधत बसले असते. आणि महिनाभरात ती गाठ परत आली, हाडात उतरली.

तोवर बोभाटा झाला होता. दुकानात माणसं यायला लागली. एक आले, चांगल्या घरचे, हात जोडून आले. ‘‘शमीमभाभी, आमच्या घरातलीचं त्यात काही हाय का?’’ मी म्हणलं, मला काय माहीत, मी किनार करते. दुसरा आला तो हात जोडून आला न्हाई. मशीनवर मूठ आपटून गेला. तो आज इथं बसलाय. मी बघितलं त्याला. बसा, बसा. पाहुणे हाव तुमी.

आणि एक दिवस एक बाई आली. दोन बस बदलून आली, ती कुठून... न्हाई, ते सोडा. एक बाई आली. उन्हात उभी, आत यायला तयार न्हाई. म्हणली, ‘‘माझं काढून टाका. पाया पडते. त्याला कळलं तर मी न्हाई राहायची.’’ मी म्हणलं, आत ये, पाणी पी. म्हणली, ‘‘आधी काढा.’’ मी तिच्या समोर कातरीनं उसवलं. दोरे तिच्या तळहातावर ठेवले. तिनं मूठ बंद केली आणि गेली. ती जागा अजून मोकळी हाय. सुईची भोकं तेवढी दिसतील.

चार दिवसांनी दुसरी आली. मी म्हणलं, तुझंबी काढायचं ना? तर माझ्यावर खेकसली. ‘‘खबरदार हात लावला तर! जन्मात तेवढं एक मी बोलले.’’

आता सांगा. काय करायचं होतं मी? एक म्हणते काढा, एक म्हणते ठेवा. बाकीच्यांना विचारायचं तर दारात जाऊन कसं विचारू? चार घरी ब्लाउज द्यायच्या निमित्तानं गेले. दोघींच्या सासवा समोरून हलल्याच न्हाईत. परत आले. माझे दीर म्हणले, ‘‘भाभी, जला डालो. किस्सा खतम.’’ त्यांचं बराबर होतं. नवरा गेल्यापासून दुकान त्यांच्या जागेत हाय, तकलीफ त्यांच्या दारात येऊन राहिली होती. मी माचिस हातात घेतली होती, तेबी सांगते. पण ती खेकसणारी बाई डोळ्यांसमोर उभी राहिली.

नांदेडला दवाखान्यात गेले. जमुना इतकीशी झाली होती. हात बघून मला वाटलं, बांगडीचं माप आता लेकराचं घ्यावं लागंल. म्हणली, ‘‘आपा, त्या बायांना विचारल्याबिगर उघडू नका.’’

‘‘कशी विचारू? नावंच न्हाईत.’’

‘‘तुमी टाके ओळखता.’’

‘‘तेच तर भ्या वाटतं, बाई. मी ओळखते तशा बाकीच्याबी ओळखतात.’’

ती डोळे मिटून पडून राहिली. मला वाटलं झोपली. मग म्हणली, ‘‘तुमी काहीतरी करा. पण त्यांचं बोलणं फेकू नका.’’

एवढंच. काहीतरी म्हणजे काय? सांगितलं न्हाई. माझ्या गळ्यात टाकून मोकळी झाली. नांदेड ते वसमत बसमधी मी तिच्यावर चिडून बसले होते. खिडकीशी एक पोरगी आईच्या मांडीवर बसून कापडावर टिपके जोडून राहिली होती, आईनं आधी पेनानं काढून दिलेले. तिच्या सुईकडं बघता बघता मला सुचलं.

दुसऱ्या दिवसापासून शटर अर्धं खाली ओढून बसायला लागले. एक टाका उसवायचा, आणि त्याच भोकातून माझ्या दोऱ्यानं, माझ्या हातानं परत घालायचा. तीच रेघ, तेच चित्र, तेच अक्षर, चुकलेलं असंल तर चुकलेलंच. फक्त हात माझा. रंगबी एकच, काळा, माझ्या दुकानातल्या रिळाचा. उलट्या बाजूच्या गाठी माझ्या पद्धतीच्या. लग्नसराईचे ब्लाउज राहिले, गिऱ्हाइकं बोंबलून गेली. डोळ्यांना धारा लागायच्या. दोरा बारीक म्हणून न्हाई. तेच तेच बोट फिरवलं की बाईनं ते कसं घातलं असंल ते कळायला लागतं. कुठं थांबली, कुठं सुई टोचून घेतली, कुठं घाई केली, कोणी तरी आलं म्हणून. एका पाळण्यापाशी मी तीन दिवस अडकले होते.

जमुनाला मी सांगितलं न्हाई. धीर झाला न्हाई. तिच्या कामाला मी कातर लावून राहिले होते ना! तिनं दोन वर्षं ज्या हातांपाशी बसून ते मिळवलं, ते हातच मी पुसून टाकले. ती असती तर भांडली असती का? हात धरला असता का? रोज मी हाच विचार करते. आज इथं फोटोसमोर उभी हाय तरी मला माहीत न्हाई. सर, तुमी शिकलेले हायेत, तुमी नंतर सांगा मला. आत्ता न्हाई.

ती गेली तेव्हा दोन हात राहिले होते. काल दुपारी संपलं. जुने दोरे मी ठेवले न्हाईत. पूर्णा नदीवर गेले आणि पाण्यात सोडले.

आता ओढणीत एकच हात हाय. माझा.

काल रात्रीच्या जेवणाला दीर म्हणले, ‘‘भाभी, तुम मत बोलो. जाओ, बैठो, आ जाओ.’’ ते मागं दाराशी उभे हायेत. भाईजान, माफ करा. मला बोलल्याशिवाय राहवणार न्हाई. कारण मी गप्प बसले आणि ओढणी नुसती टांगली, तर हे सगळे शोधतच राहतील. घरी जाऊन आपापल्या बायकोच्या हातची गोधडी बघतील.

बळीराम भाऊ, या. एक टोक धरा. घट्ट धरा, खाली लागू देऊ नका. एक टोक याडीच्या हातात द्या.

ज्यांना बघायचंय त्यांनी जवळ येऊन बघा. बोट लावून बघा. उलटी बाजू बघा, मी अस्तर लावलं न्हाई. घरी कोणाला विचारू नका, मला विचारा. हे कोणाचं? माझं. गर्भाची पिशवी काढली ती माझी. उलथन्याचे चटके माझ्या पाठीवरचे. रिकामा पाळणा माझ्या घरातला. लग्नाआधी एकावर जीव होता असं म्हणणारी ती दोन पाखरं, तीबी माझी. नवरा गेला त्या दिवशी मोकळं वाटलं, ते हसणारं तोंड माझंच हाय. ऐकलं ना, भाईजान? तुमच्या भावाबद्दलच हाय म्हणा. माझी हरकत न्हाई. त्यातलं एक तर सुरुवातीपासून खरंच माझं हाय. कोणतं ते सांगणार न्हाई.

मशीनवर मूठ आपटणारे दादा, तुमीबी या. तुमाला जे सापडंल ते माझ्या नावावर टाका. उद्या सकाळी नऊला मी दुकान उघडते. जे काही करायचंय ते तिथं येऊन करा, घरी करू नका.

भाऊ, आता टाका ती तारेवर. चला, उभं राहा सगळे. दोन मिनिटं कोणी बोलायचं न्हाई. मान खाली घालायची न्हाई, डोळे मिटायचे न्हाईत. वर तारेकडं बघायचं.

आणि बायांनो, बघताना रडू आलं तर रडून घ्या. कोणी विचारलं, काहून रडली, तर सांगा, जमुना गेली म्हणून.